लिडिया जहाजावरचे टाके

म्युझियममध्ये जायचं म्हणजे पाय दुखेस्तोवर हिंडायचं, काचेतली मडकी बघायची आणि शेवटी कॅफेतला कोमट चहा प्यायचा, असं शांताबाई साळव्यांचं ठाम मत होतं. एकोणचाळीस वर्षं कॉव्हेंट्रीत काढून त्या मतात बदल झाला नव्हता. त्यामुळे दोन हजार आठच्या फेब्रुवारीत नात अक्षरा फोनवर म्हणाली, "आजी, थर्सडेला माझ्या वर्कवर ये ना," तेव्हा त्यांनी साफ नाही सांगितलं.

"गोधडी आहे एक," अक्षरानं नेट धरला. "हंड्रेड अँड सेव्हन्टी इयर्स जुना. कन्व्हिक्ट बायकांनी केलेला, जहाजावर."

"कन्व्हिक्ट म्हणजे?"

"चोऱ्या केलेल्या. त्यांना शिपमध्ये घालून टास्मानियाला पाठवायचे. चार मंथ्स लागायचे पोचायला. आणि परत यायचंच नाही."

शांताबाईंनी फोन दुसऱ्या कानाला लावला. "काय चोरलं होतं म्हणे त्यांनी?"

"एकीनं शाल. एकीनं चीज. एकीनं मालकिणीचे स्टॉकिंग्ज."

"अगं बाई! मोज्यांपायी काळं पाणी?" शांताबाई एवढ्या मोठ्यांदा ओरडल्या की पुढच्या खोलीत त्यांच्या यजमानांनी, सुखदेवरावांनी, टीव्ही बंद केला. "येते मी. बघू तरी दे, मोजे चोरणारीचा हात कसा होता ते."

हातावर माणूस ओळखायची त्यांना खोडच होती. हातावरच्या रेषा नव्हेत हो, ते असलं थोतांड त्यांच्या घरात चालायचं नाही. त्या टाका बघायच्या. बावीस वर्षं इथल्या एका हॉस्पिटलच्या शिवणखोलीत चादरी दुमडल्या, गाऊन सांधले, आणि घरी आल्यावर गोधड्या शिवल्या. जालन्याकडच्या त्यांच्या गावात आई शिवायची तशाच, काठापासून सुरुवात करून, चौकटीमागून चौकट, आत आत जात मध्यापर्यंत. फरक इतकाच की शांताबाई डावखुऱ्या. लहानपणी त्यापायी चापट्या खाल्ल्या, पण हात काही बदलला नाही. त्यांचा टाका डावीकडे किंचित कललेला असायचा आणि वीतभर अंतरावर एक दुहेरी, म्हणजे दोरा तुटला तरी रांग सुटू नये. कॉव्हेंट्रीपासून ईलिंगपर्यंतच्या ओळखीच्या घरांत त्यांची गोधडी न पांघरलेलं मूल शोधून सापडलं नसतं.

आता एक गोष्ट सांगून टाकते, कारण घरात ती कुणाला ठाऊक नव्हती, निदान शांताबाईंची तशी समजूत होती. ऑक्टोबरपासून त्यांचा डावा हात थरथरत होता. आधी चहाची बशी वाजायला लागली. मग सुई. वॉटफर्डला नातू नकुल आणि नातसून तनिषा यांना एप्रिलमध्ये बाळ व्हायचं होतं. त्या पहिल्या पणतवंडासाठी गोधडी काढली होती. तिच्यावर त्यांच्या आईची पांढरी साडी होती, नागपूरला दीक्षा घेताना नेसलेली. काठ झाला, चार चौकटी झाल्या, सगळं नेहमीसारखं देखणं. आणि मध्याजवळ आल्यावर हात दगा द्यायला लागला. दुपारी एक रांग घालायची, चष्मा पुसून बघायची, आणि कुणी यायच्या आत कातर घेऊन सगळी उसवून टाकायची. चार महिने हेच चाललं होतं. गोधडी काही केल्या पुढं सरकत नव्हती.

सांगायला काय जात होतं, असं तुम्ही म्हणाल. तर मुलगा सुहास आधीच रंगीत ब्रोशर घेऊन येऊन गेला होता. म्हाताऱ्यांसाठी फ्लॅट्स, खोलीखोलीत लाल दोरी, ओढली की माणूस हजर. गॅसऐवजी मायक्रोवेव्ह. "नुसतं बघून ठेव गं आई," तो म्हणाला होता. हाताचं कळलं असतं तर आधी सुई गेली असती, मग विळी, मग स्वयंपाकघर, मग घर. झाकली मूठ सव्वा लाखाची. शांताबाई कुणासमोर आल्या की डावा हात कार्डिगनच्या खिशात घालायच्या.

गुरुवारी त्या खिशात हात घालूनच म्युझियमच्या मागच्या वर्करूममध्ये गेल्या. अक्षरा तिथं वर्षभर शिकत होती. तिच्या साहेबीण मिसेस विल्कॉक्स, जुनी कापडं जपण्यात हयात गेलेली बाई, बोलणं मऊ, नजर कडक. त्यांनी लांबलचक टेबलावरचा पातळ कागद बाजूला केला.

शांताबाई टेबलावर वाकल्या. मधोमध छिटाच्या कापडाचे पक्षी आणि फुलं कापून टाचलेली. भोवती चौकटीच चौकटी, बोटाएवढे चौकोन, हजारांवर असतील. जहाज निघताना काही भल्या बायकांनी कैद्यांना सुया, दोरा आणि कापडाचे तुकडे वाटले होते. 'लिडिया' असं जहाजाचं नाव. एकशे चौदा बायका. वाटेत शिवलेली ही गोधडी त्यांनी जहाजाच्या डॉक्टरला दिली, त्याच्या घरी ती पिढ्यान्‌पिढ्या पेटीत पडून राहिली, आणि आता इथं आली. बायकांच्या नावांची यादी होती, पण कुठला तुकडा कुणाचा, ते कुठंच लिहिलेलं नव्हतं.

"बोट हलते आहे, खाली ओल आहे, पोटात अन्न ठरत नाही," शांताबाई हळूच म्हणाल्या, "मागं पोरंबाळं राहिली आहेत. आणि हे असं सरळ शिवतात? शाबास गं पोरींनो. शाबास!"

मिसेस विल्कॉक्सनी भिंग पुढं केलं. शांताबाईंनी ते उजव्या हातात घेतलं आणि पक्ष्याच्या पंखावर धरलं. मग हसल्याच. टाके डावीकडे कललेले होते. वीतभर अंतरावर एक दुहेरी टाका. "ही आपल्यातली," त्या अक्षराला म्हणाल्या. "डावखुरी. सगळ्या जहाजात हिच्यासारखा हात नव्हता, लिहून घे."

"आणि इकडे बघा," मिसेस विल्कॉक्स म्हणाल्या. खालच्या काठाला दीड फुटाची एक पट्टी होती. तिथले टाके वेडेवाकडे, थरथरलेले, पांढऱ्या कापडावर घाण दिसत होते. "ही नंतरची दुरुस्ती. डॉक्टरच्या घरातल्या कुणा मुलीनं केली असणार. सोमवारी सकाळी आम्ही ती उसवणार आहोत. प्रदर्शनात मूळ काम तेवढंच राहील."

शांताबाईंनी भिंग तिकडे नेलं. तोच कल. तोच दुहेरी टाका. टाक्यांशेजारी बारीक बारीक भोकंही होती, कसर लागली असेल. पण हात तोच! त्यांच्या अंगात वारंच शिरलं.

"छे छे! दुरुस्ती कसली? ही तीच पोरगी!" त्या इंग्रजीत ठणकावून म्हणाल्या. "इथं काठाला सुरुवात केली तेव्हा तिला येत नव्हतं. मग आत आत जाताना हात बसला. मधल्या पक्ष्यापर्यंत पोचेस्तोवर बघा कशी तयार झाली. चार महिन्यांची शाळा आहे ही!"

उचलली जीभ, लावली टाळ्याला. मिसेस विल्कॉक्सनी भिंग परत घेतलं. मग अगदी आदबीनं म्हणाल्या, "मिसेस साळवे, आमच्याकडे ही क्विल्ट मध्यापासून सुरू करतात. पक्षी सगळ्यात आधी. मग एकेक चौकट बाहेर बाहेर. काठ सगळ्यात शेवटी येतो."

काठ शेवटी! शांताबाईंना आपल्या जालन्याखेरीज जगात दुसरी रीत असेल हे सुचलंच नव्हतं. पक्षी आधी शिवणाऱ्या हाताला काठाशी आल्यावर कुणी शिकाऊ कसं म्हणणार? अक्षरा जमिनीकडे बघत होती. तिच्या साहेबिणीसमोर तिची आजी तोंडावर पडली होती. शांताबाई "थँक यू, लव्हली," असं काहीबाही पुटपुटल्या आणि चहा न घेता बस धरून घरी आल्या.

शनिवारी दुपारी सुखदेवराव फुटबॉल लावून बसले होते. शांताबाईंनी खिडकीशी गोधडी घेतली. दीड चौकट उरली होती. सुई टोचली, चुकली. पुन्हा टोचली, चुकली. तिसऱ्यांदा नेमकी जागेवर गेली. असे वीस टाके घातले, चष्मा पुसला, आणि उसवायला कातर उचलली.

कातर तशीच हातात राहिली. पांढऱ्या साडीवर प्रत्येक टाक्याशेजारी बारीक भोकं दिसत होती. एक, दोन, आणि मग टाका. एक, दोन, आणि टाका. म्युझियममधल्या त्या काठालाही कसर कुठली, सुई चुकल्याची भोकं होती ती!

शिकाऊ पोरीच्या शिवणात अशी भोकं नसतात. टाका कुठं पडायला हवा हे तिला ठाऊकच नसतं, सुई जाईल तिथं ती दोरा ओढून मोकळी होते. जिला नेमकी जागा ठाऊक आहे आणि हात पोचत नाही, तीच पुन्हा पुन्हा टोचते. ती पोरगी शिकाऊ नव्हती आणि दुरुस्तीही नव्हती. सगळ्या जहाजात सुंदर हात असलेली तीच, पक्षी शिवणारी, शेवटी शेवटी आजारी पडली होती. ताप असेल, उपासमार असेल, काय असेल ते असो. थरथरत्या हातानं ती काठ शिवत राहिली. जागा मात्र एकही सोडली नाही तिनं.

"माझे आई," शांताबाई त्या अनोळखी बाईला म्हणाल्या, आणि त्यांना रडूच आलं. "आणि मी तुला शिकाऊ म्हटलं!"

सोमवारी सकाळी ते टाके उसवणार होते. फोन करून सांगावं? गुरुवारी एकदा अक्कल पाजळून झाली होती, आता नुसत्या बोलण्यावर कोण विश्वास ठेवणार? पुरावा पाहिजे होता. आणि पुरावा त्यांच्या मांडीवर पडला होता. तो दाखवायचा म्हणजे हात दाखवायचा, अक्षराला, म्हणजे संध्याकाळपर्यंत सुहासला, म्हणजे ब्रोशर आलंच.

रविवारचा अख्खा दिवस शांताबाई भांडी आपटत होत्या. शेवटी सुखदेवराव स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभे राहिले. "शांते, काय ते बोलून टाक. बिचाऱ्या पातेल्यांनी काय केलंय?"

"काही नाही. तुम्ही तुमची मॅच बघा."

"मॅच कोण बघतंय? तू दुपारी उसवायला बसलीस की मी आवाज वाढवतो. कातरीचा आवाज मला ऐकू येतो असं तुला वाटू नये म्हणून."

शांताबाई वळल्या. "कधीपासून?"

"ऑक्टोबरपासून. चहाची बशी वाजते ना." त्यांनी खुर्ची ओढली. "सुहासचं मी बघतो. आधी ते जहाजाचं काय ते सांग."

सोमवारी नऊ वाजता शांताबाई उशीच्या अभ्र्यात गोधडी घालून वर्करूमच्या दारात हजर. टेबलावर लिडियावरची गोधडी पसरलेली, दिवे लागलेले, मिसेस विल्कॉक्सच्या हातात टोकदार कातर. अक्षरा धावत आली. "आजी! तू असं न सांगता आला? मी मेले आता."

"मरू नकोस, टेबल रिकामं कर," शांताबाई म्हणाल्या. मग मिसेस विल्कॉक्सकडे वळून इंग्रजीत, "गुरुवारी मी चुकले. काठ शेवटचाच. पाच मिनिटं द्या मला. त्यानंतर वाटल्यास उसवा."

त्यांनी गोधडी पसरली. काठ, चार चौकटी, एकसारख्या, डाव्या कलाच्या. आणि मध्याजवळच्या वीस टाक्यांवर बोट ठेवलं. "हे माझेच. परवाचे." मिसेस विल्कॉक्स बघत राहिल्या. त्यांच्या नजरेतली शंका शांताबाईंना दिसली. म्हणून मग त्यांनी खिशातून डावा हात बाहेर काढला. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच, पण आता माघार नव्हती. सुई धरली, आणि सगळ्यांसमोर एक टाका घालायला घेतला.

सुई चुकली. अक्षरा जवळ सरकली. पुन्हा चुकली. शांताबाईंनी ओठ दाबले, मनगट टेबलाच्या कडेला टेकवलं, आणि तिसऱ्यांदा सुई नेमकी जागेवर गेली. "आता भिंग लावा," त्या म्हणाल्या. "आधी माझ्या टाक्याशेजारी. मग तिच्या."

मिसेस विल्कॉक्सनी भिंग लावलं. इकडे बघितलं, तिकडे बघितलं. मग स्टूल ओढून लिडियावर वाकल्या आणि पक्ष्याचा पंख, काठ, पंख, काठ असं कितीतरी वेळा केलं. अक्षरानं तेवढ्यात आजीचा हात धरला होता आणि ती तो सोडत नव्हती.

"मी हे उसवणार होते," मिसेस विल्कॉक्स शेवटी म्हणाल्या. त्यांनी कातर खोक्यात ठेवून खोकं बंद केलं. "तीस वर्षं मी हे काम करते आहे, मिसेस साळवे. भोकं मी पाहिली होती. मला वाटलं, कसर."

"मलाही तसंच वाटलं होतं," शांताबाई म्हणाल्या.

मिसेस विल्कॉक्स पुन्हा वाकल्या, आणि आता त्याच दचकल्या. "इथं या. हे शेवटचे नऊ इंच बघा."

शेवटच्या नऊ इंचांत भोकं नव्हती. टाके डावीकडेच कललेले, पण जाडसर, अवघडलेले. दुहेरी टाका बरोब्बर वीतभर अंतरावर. आणि सुरुवातीची गाठ उजव्या टोकाला. डावखुरी बाई डावीकडून निघते, तिची गाठ डावीकडे असते. म्हणजे हा हात दुसरा, उजवा. त्या उजव्या हातानं सुई मुद्दाम उलटी तिरपी घालून, बोटं मोडून घेत, शेजारणीसारखा टाका घातला होता.

"तिच्यानं पुढं झालं नाही," शांताबाई म्हणाल्या. "मग जवळच्या कुणीतरी पुरं केलं. तिच्याच हातचं वाटावं असं. काय चोरलं असेल हो हिनं? चीज? मोजे? अशा बायकांना बोटीत घालून टाकून दिलं!"

थोड्या वेळानं मिसेस विल्कॉक्सनी स्वतः चहा करून आणला, आणि तो चांगला गरम होता.

सुहास संध्याकाळीच आला. डॉक्टरची अपॉइंटमेंट ठरली, ती शांताबाईंनी मुकाट मान्य केली. ब्रोशर मात्र त्यांनी त्याच्याच बॅगेत परत कोंबलं. "लाल दोरी तुझ्या खोलीत बांध," त्या म्हणाल्या. सुखदेवराव मध्ये पडले आणि विषय तेवढ्यावर राहिला, निदान त्या वर्षापुरता.

मार्चच्या शेवटी अक्षरा प्रदर्शनाची पाटी वाचून दाखवायला आली. मिसेस विल्कॉक्सनी लिहिलं होतं की मधला पक्षी आणि खालचा काठ एकाच निष्णात, डावखुऱ्या हाताचे आहेत, काठ शिवताना ती आजारी असावी, आणि शेवटचे नऊ इंच तिच्या मैत्रिणीचे. शांताबाईंनी 'निष्णात' शब्द दोनदा वाचायला लावला.

पाटीचा कागद घडी करून अक्षरानं पर्समध्ये ठेवली आणि खिडकीशी पडलेल्या गोधडीकडे बघितलं. सव्वा चौकट उरली होती. वॉटफर्डहून तनिषाचे पाय सुजल्याचे फोन येत होते. "आजी, मला दे. मी करते."

"तुला शर्टाचं बटण लावता येत नाही."

"शिकव मग."

"समोर बस. शेजारी नको, समोर. म्हणजे माझा डावा तो तुझा उजवा, आरशासारखं." शांताबाईंनी तिच्या बोटात अंगुस्तान घातलं. अक्षरानं दोन टाके घातले आणि थांबली. मग तिनं सुई उलटी तिरपी धरली, आणि जीभ बाहेर काढून, डावीकडे कललेला टाका घालायला लागली.

"अगं, तुझा हात उजवा आहे. तुझ्यासारखा घाल, सोपं जाईल."

"नाही," अक्षरा म्हणाली. "मी तुझा घालणार."

दहा टाके झाले. एकही धड नव्हता. काही लांब, काही आखूड, मध्येच एक तर शेजारच्या रांगेत घुसलेला. अक्षरानं ते बघितलं, तिचा चेहरा पडला, आणि तिनं कातरीकडे हात नेला. तिच्याआधी शांताबाईंचा थरथरता डावा हात कातरीवर पडला होता.

"उसवायचं नाही," त्या म्हणाल्या. "पुढचा घाल."